उकिरड्याचे पांग

वसंतातल्या या व्याख्यानमालेत इतिहासाचा विषय निघाला की किल्ला, बखर, लढाई किंवा एखादा थोर पुरुष ठरलेलाच असतो. आज आम्ही ज्या जागेचा इतिहास सांगणार आहोत तिला तट नाही, महाद्वार नाही, आणि तिची बखर लिहावी असे कोणाला वाटलेले नाही. ती जागा म्हणजे शहराचा उकिरडा. आमची स्वतःची शाळा दहावीलाच सुटली. वडील गिरणीत होते. १९८२ च्या संपानंतर ते पुन्हा खात्यात चढले नाहीत, आणि थोरल्या मुलाने पुस्तके मिटून कामाला लागावे हे ओघानेच आले. पुढे जे थोडेबहुत वाचले ते युनियनच्या कचेरीतल्या बाकावर आणि सार्वजनिक वाचनालयात. तेव्हा पंडिताचे व्याख्यान ऐकावयास कोणी आले असेल, तर त्याची आधीच क्षमा मागतो.

गोष्ट १९९६ सालची. आम्ही ज्या युनियनचे काम पाहत होतो तिच्या कचेरीत एका दुपारी एक बाई आली. वय चाळिशीच्या आतबाहेर, हातात लोखंडी आकडी, खांद्यावर दुमडलेले पोते. ती देवनारच्या डंपिंगवर कचरा वेचीत असे. कचऱ्यात शिरण्यावरून तेथे रोज हुसकाहुसकी चालली होती, आणि आपल्यालाही युनियनमध्ये घ्यावे असे तिचे म्हणणे होते. आम्ही सभासदत्वाचा फॉर्म पुढे ओढला. नाव झाले, वय झाले, गाव झाले. पुढचा रकाना होता मालकाच्या नावाचा.

"मावशी, तुमचा मालक कोण?"

"मालक वारलं. चार वरसं झाली."

खोलीतली दोघेचौघे हसली. आम्हीही हसलो, हे लपविण्यात अर्थ नाही. मग गंभीर होऊन आम्ही तिला समजावून सांगितले की, मालक म्हणजे नवरा नव्हे, पगार देणारा. तो नसेल तर मागणी कोणापाशी करावयाची, बोनस कोणाकडे मागावयाचा आणि संप कोणाविरुद्ध पुकारावयाचा? म्हणून तिची भरती आमच्या युनियनमध्ये होऊ शकत नाही. तिने सगळे ऐकून घेतले, पोते खांद्यावर टाकले आणि दारातून वळून म्हणाली, "मंग कचरा कुणाचा हाय, तेवढं तरी सांगा की, भाऊ."

त्याचे उत्तर आम्हास देता आले नाही. तेव्हापासून सवड सापडेल तसे ते शोधीत राहिलो. आजचे बोलणे म्हणजे त्या शोधाचा हिशेब आहे.

आपल्यापैकी ज्यांचे बालपण खेड्यात गेले असेल त्यांना ठाऊक आहे की, गावच्या उकिरड्याला मालक असतो. घराघराचा उकिरडा वेगळा. शेण, राख, केर, गोठ्यातला गवताचा चुरा, सगळे त्यात पडे. वर्षभर कुजे आणि पावसाळ्यापूर्वी गाडी जोडून शेतात जाई. दुसऱ्याच्या उकिरड्यातली पाटी कोणी उचलली तर भावकीत तंटा उभा राही. बारा वर्षांनी उकिरड्याचेही पांग फिटतात, ही म्हण ज्याने केली त्याला उकिरडा ही संपत्ती आहे हे कळत होते. फक्त ती संपत्ती सावकाश हाती येते, एवढेच. अर्थात हा केर वाहण्याची आणि मेलेले ढोर ओढण्याची कामे कोणाच्या वाट्याला लावून दिली होती, हेही विसरता येत नाही. खत मालकाचे आणि विटाळ मात्र महारामांगांचा, अशी ती वाटणी होती.

शहरात ही साखळी तुटली. शहराला शेत नाही, म्हणून उकिरड्याचे खत कोणाला नको. घरातून बाहेर टाकलेली वस्तू कोणाचीच नाही, असे शहर धरून चालते. मुंबईने ही गोष्ट भीतीपोटी केली. सप्टेंबर १८९६ मध्ये मांडवीच्या वस्तीत डॉ. आकासियो व्हिएगस यांनी प्लेगचा रोगी ओळखला आणि शहराची त्रेधा उडाली. रोग उंदरांवरच्या पिसवांमुळे पसरतो हे तोवर कोणाला उमगले नव्हते. घाण आणि तिची दुर्गंधी हेच मूळ, अशी सरकारी समजूत होती. तेव्हा घाण दृष्टीआड करावी असे ठरले आणि चेंबूरपलीकडची, खाडीकाठची देवनारची दलदल त्यासाठी हेरण्यात आली. कुर्ल्याहून चेंबूरकडे एकेरी रेल्वेलाईन १९०६ साली टाकली गेली. तिच्यावरून उतारूंच्या गाड्या धावल्या त्या १९२४ साली. माणसांच्या आधी त्या वाटेने कचऱ्याच्या वाघिणी गेल्या. देवनारच्या क्षेपणभूमीचा आरंभ सामान्यतः १९२७ सालचा मानतात. क्षेपणभूमी हा शब्द कागदावरचा. तेथे राहणाऱ्या माणसांच्या तोंडी नुसते 'डंपिंग' आहे. पुण्यात त्यालाच 'डेपो' म्हणतात. सुमारे १३२ हेक्टरांवर पसरलेला तो ढीग पुढे पुढे काही ठिकाणी १८ मजली इमारतीएवढा उंच झाला. सह्याद्रीतल्या किल्ल्यांची चढण आम्ही चढलो आहोत. पण जी चढताना पाय आत जातो आणि तळवा भाजतो, अशी चढण ही एकच.

माणसे तेथे कशी पोचली? ती हौसेने गेली नाहीत, हे सांगावयास नको. १९७२ च्या दुष्काळात मराठवाडा, सोलापूर, नगर या भागांतली भूमिहीन कुटुंबे खडी फोडून फोडून थकली आणि मुंबई-पुण्याच्या वाटेस लागली. त्यांतली बहुतेक मातंग, नवबौद्ध अशा जातींची होती. त्यांच्यापाशी जमीन नव्हती, की विकावयास भांडे नव्हते. शहराच्या मध्यभागी पदपथावर, रेल्वेच्या कडेला त्यांनी बस्तान मांडले, तो ते उठविले गेले. १९७० नंतरच्या दशकात अशा उठविलेल्या वस्त्या ज्या जागी नेऊन टाकल्या त्यांत शिवाजीनगर आणि बैंगनवाडी या दोन होत्या, आणि त्या नेमक्या डंपिंगच्या पायथ्याशी. शहराने आधी कचरा जेथे नेऊन टाकला, तेथेच नंतर माणसे नेऊन टाकली. पुढे १९९२-९३ च्या दंगलींनंतर शहराच्या इतर भागांतून उठलेली कित्येक मुसलमान कुटुंबे गोवंडीच्या याच पट्ट्यात आली. उत्तरेकडून आलेले कारागीरही त्यांत मिसळले. गावातून जात घेऊन आलेली आणि शहराने धर्मावरून हाकललेली, अशी दोन्ही माणसे एकाच ढिगावर शेजारी शेजारी वाकलेली आम्ही पाहिली आहेत. तेवढा एकोपा आमच्या गेटमीटिंगांत नेहमी दिसे असे म्हणवत नाही.

आता कामाविषयी. कामगार चळवळीतल्या माणसाने काम आधी पाहावे आणि मग त्यावर बोलावे, असा आमचा नियम आहे. गाडी माल ओतते तो क्षण महत्त्वाचा. मागचा हौदा उचलला जाताच माणसे धावतात, कारण पहिल्या दोन मिनिटांत जे हाती लागते ते चांगले असते. त्यानंतर बुलडोझर येतो आणि सारे सपाट करतो. ज्याला गाडी कोठल्या भागातून आली हे ओळखता येते तो शहाणा. बाजाराची गाडी, इस्पितळाच्या बाजूची गाडी, श्रीमंत वस्तीची गाडी, पाडलेल्या घरांच्या मातीची गाडी, यांचे वास निराळे आणि माल निराळा. मातीच्या गाडीत लोखंडाची सळी सापडते, विजेच्या तारेतले तांबे सापडते. आकडीने उपसावयाचे, हाताने चाचपावयाचे आणि पोत्यात टाकावयाचे. प्लास्टिक एक म्हणून चालत नाही. चुरगाळून त्याचा आवाज ऐकून, वेळी काडीने जाळून त्याचा धूर हुंगून ही बाई त्याच्या जाती सांगते. कारखान्यातल्या प्रयोगशाळेत या कसबाला पगार आहे.

मग पोते काट्यावर जाते. भंगार घेणाऱ्याच्या दुकानाला तेथे काटाच म्हणतात, आणि दुकानदार तो काटेवाला. त्याच्याकडून वेचणाऱ्यांनी उचल घेतलेली असते. लग्नाला, आजारपणाला, पावसाळ्यात काम बुडते तेव्हा. म्हणून माल त्यालाच घालावा लागतो आणि भाव त्याचाच घ्यावा लागतो. काट्यावरून माल मोठ्या व्यापाऱ्याकडे, तेथून पुष्कळसा धारावीच्या तेरा कंपाऊंडात जातो. तेथे तो धुतला, दळला, वितळविला जातो आणि दाणे होऊन कारखान्यात परततो. आपल्या घरातली बादली, मुलाचे खेळणे, चपलेचा तळ यांत त्या बाईचा हात लागलेला असण्याचा बराच संभव आहे. ही साखळी किती लांब आहे ते २००८ साली आम्हास कळले. त्या सप्टेंबरात अमेरिकेतली एक मोठी पेढी बुडाली आणि दिवाळीच्या सुमारास कित्येक जिनसांचे भाव काट्यावर निम्म्यावर आले. बैंगनवाडीतली बायामाणसे काटेवाल्याशी भांडत होती आणि काटेवाला, बिचारा, खरेच सांगत होता की यात त्याचा दोष नाही. गिरणी बंद पडली तर कामगार निदान दारावर जमतात. येथे दारच कोठे नव्हते.

या कामाचे गोडवे गाण्याचा आमचा मुळीच इरादा नाही. काचेने कापलेला हात, इस्पितळातल्या सुया, खोकला आणि क्षय, ढिगातून सतत उठणारा वायू, यांत माणसाचे आयुष्य झिजते. ढीग कधी कधी माणसे सरळ गिळतो. फिलिपाईन्समध्ये मनिलाजवळ पायातास येथे १० जुलै २००० रोजी पावसाने फुगलेला कचऱ्याचा डोंगर खालच्या झोपड्यांवर कोसळला आणि २०० हून अधिक माणसे मेली. ढीग असू नये, आणि कोणाच्या मुलाने तेथे जाऊ नये, हे आम्हास मान्य आहे. आमचा प्रश्न त्यापुढचा आहे. ढीग हलविताना त्यावर जगणाऱ्याला विचारले जाते काय, आणि न विचारण्याचा अधिकार शहराला कोणी दिला?

हा प्रश्न मुंबईचाच नव्हे, असे वाचता वाचता ध्यानात आले. पॅरिस शहरात चिंध्या वेचणाऱ्यांचा जुना धंदा होता. चिंध्यांचा कागद होई, हाडांची बटणे होत. ७ मार्च १८८४ रोजी तेथील प्रीफेक्ट यूजेन पुबेल यांनी हुकूम काढला की, प्रत्येक घरमालकाने केर झाकणाच्या डब्यात भरून ठेवावा. डबा गाडीत रिता झाला की वेचणाऱ्याच्या हाती काय उरणार? ओरड झाली, वृत्तपत्रांनी बाजू घेतली आणि गाडी येण्याआधी डबे उपसून पाहण्याची मुभा त्यांना ठेवावी लागली. पण लाकडाच्या लगद्याचा कागद आला, चिंध्यांचा भाव गेला आणि धंदा हळूहळू उतरला. प्रीफेक्टचे नाव मात्र फ्रेंच भाषेत कचऱ्याच्या डब्याला कायमचे चिकटले. अशी अमरता कोणाच्या वाट्याला न येवो.

परंतु आमच्या प्रश्नाचे खरे उत्तर आम्हास कैरो शहराच्या इतिहासात सापडले. त्यावर थोडे रेंगाळतो.

विसाव्या शतकाच्या आरंभी इजिप्तच्या पश्चिम वाळवंटातल्या दाखला या ओअॅसिसमधून काही माणसे कैरोत आली. त्यांना वाही म्हणत. इमारतीच्या मालकाला पैसे भरून ते त्या इमारतीचा कचरा उचलण्याचा हक्क विकत घेत आणि राहणाऱ्यांकडून महिन्याचे पैसे घेत. वाळलेला कचरा सार्वजनिक स्नानगृहांच्या भट्ट्यांना आणि वाटाण्यासारखा जो फूल नावाचा पदार्थ तेथे शिजतो त्याच्या हंड्यांना सरपण म्हणून जाई. पुढे सरपणाची जागा तेलाने घेतली. नेमक्या त्या सुमारास, १९४० च्या मागेपुढे, दक्षिणेकडच्या अस्यूत भागातून भूमिहीन शेतकरी आले. ते बहुतेक कॉप्ट ख्रिस्ती होते आणि डुकरे पाळीत. डुकरांना खाद्य हवे, वाहींना कचरा नको. सौदा जमला. दाराचा हक्क आणि महिन्याचा पैसा वाहींचा, जिना चढून कचरा खाली आणण्याचे कष्ट या नव्या माणसांचे. त्यांना झब्बालीन म्हणतात, म्हणजे कचरेवाले. त्यांना मजुरी नव्हती. कचरा हीच मजुरी. उलट तो मिळावा म्हणून त्यांनाच वाहींना पैसे मोजावे लागत. आमच्या गोदीतला आणि गिरणीतला जुना मुकादम ज्यांनी पाहिला असेल, त्यांना हा वाही ओळखता येईल.

झब्बालीन शहरात एका जागेवरून दुसऱ्या जागी हुसकले जात, आणि १९७० साली मुकत्तम टेकडीच्या उतारावर येऊन थांबले. गाढवगाड्यांतून रोज पहाटे कचरा आणावयाचा, घराच्या खालच्या खोलीत बायकामुलांनी निवडावयाचा, ओला डुकरांना, सुका विकावयास. १९७० नंतरच्या दशकात सिस्टर एमान्युएल नावाची फ्रेंच-बेल्जियन जोगीण यांच्या वस्तीत येऊन राहिली आणि जगाला यांची माहिती झाली. १९८० नंतर वस्तीत प्लास्टिक दळण्याची यंत्रे बसली. ते गोळा करतात त्यातला सुमारे ८० टक्के माल पुन्हा उपयोगात येतो, असे त्यांचा अभ्यास करणारे सांगतात.

मग २००३ साल उजाडले. सरकारने शहराचा कचरा स्पॅनिश व इटालियन कंपन्यांना १५ वर्षांच्या कराराने दिला. झब्बालीनांना कोणी विचारले नाही. कचऱ्याचे पैसे विजेच्या बिलात घातले गेले आणि लोकांनी केर खाली उतरून रस्त्यावरच्या पेटीत टाकावा असे ठरले. कंपन्यांवर अवघा २० टक्के माल पुन्हा वापरात आणण्याचे बंधन होते. पुढची मजा पाहा. कैरोच्या गृहिणीला केर घेऊन चार जिने उतरणे रुचेना. तिने बिलही भरले आणि आपल्या जुन्या झब्बालाला गुपचूप पैसेही दिले. कायद्याने चोर ठरलेला माणूस रोज सकाळी दार वाजवीत राहिला, कारण दार उघडणारी बाई त्याला ओळखत होती.

आणि २००९ मध्ये स्वाइन फ्लूच्या घबराटीत सरकारने देशातली सुमारे ३ लाख डुकरे मारून टाकली. तो रोग डुकरे पाळल्याने पसरत नव्हता. पण घाबरलेल्या सरकारला कोणावर तरी हात टाकावयाचा असतो, हे आपण १८९६ च्या मुंबईत पाहिलेच. डुकरे गेली तसे झब्बालीनांनी ओला कचरा उचलणे सोडले. उचलून करणार काय? कैरोच्या गल्ल्यांत खरकट्याचे ढीग साचले. तो संप नव्हता. कोणी नोटीस दिली नव्हती, मागण्यांचे पत्रक काढले नव्हते. परंतु शहराला प्रथमच कळले की हे काम कोणी तरी करीत होते. ज्या लैला इस्कंदर यांनी मुकत्तमच्या वस्तीत वर्षानुवर्षे काम केले होते, त्याच २०१३ साली इजिप्तच्या पर्यावरण मंत्री झाल्या आणि कंपन्यांची योजना फसली हे सरकारच्या बाजूनेच बोलले जाऊ लागले.

कैरोचा हा इतिहास वाचून आम्हास त्या बाईच्या प्रश्नाचा अर्थ उमगला. तिचा हक्क पगारावर नाही, मालावर आहे. गिरणी कामगाराचे भांडण मजुरीच्या दराचे. हिचे भांडण ढिगापर्यंत, डब्यापर्यंत, दारापर्यंत पोचण्याचे. ती वाट कोणी बंद केली की तिचा कारखाना बंद झाला, आणि तो बंद करण्यासाठी कोणाला टाळेबंदीची परवानगी मागावी लागत नाही. आमचा फॉर्म चुकीचा होता. रकाना मालकाचा नको होता, वाटेचा हवा होता.

बरे, हे शोधण्यास कैरोला जावयाचे कारण नव्हते. आमच्याच राज्यात माणसे आमच्या पुढे निघून गेली होती आणि आम्हास पत्ता नव्हता. अनेक मालकांचे, म्हणजे पक्का मालक नसलेले, हमाल आणि माथाडी यांच्यासाठी अण्णासाहेब पाटलांच्या चळवळीतून १९६९ साली कायदा झाला. मंडळ नेमून मजुरी व भविष्यनिर्वाहाची सोय झाली. अहमदाबादेत इला भट्ट यांनी १९७२ साली 'सेवा' ही स्वतःच्या धंद्यावर जगणाऱ्या बायकांची युनियन नोंदविण्यास नेली, तेव्हा नोंदणी करणाऱ्यांनीही आमचाच प्रश्न केला: मालक कोठे आहे? इलाबेनांचे म्हणणे असे की, युनियन मालकाविरुद्ध असावी लागते हे कोणी सांगितले. ती कामगारांच्या एकजुटीसाठी असते. युनियन नोंदली गेली. १९२६ चा कायदा तोच होता, वाचणारी दृष्टी निराळी होती.

आणि पुण्यात, आमच्या त्या दुपारच्या तीन वर्षे आधी, मे १९९३ मध्ये कचरा वेचणाऱ्यांची परिषद भरली आणि 'कागद काच पत्रा कष्टकरी पंचायत' स्थापन झाली. हमाल पंचायतीचे डॉ. बाबा आढाव पाठीशी होते. श्रीमती नाथीबाई दामोदर ठाकरसी विद्यापीठाच्या प्रौढशिक्षण विभागातल्या कार्यकर्त्या आधीपासून वस्त्यांत जात होत्या. त्यांच्या कामाचा आरंभ अक्षरओळखीपासून झाला. बायकांनी मात्र अक्षरांपेक्षा आधी चांगला, न बरबटलेला कचरा मागितला. तेव्हा ओला-सुका वेगळा करून द्या असे घरांना सांगितले गेले. एका भागात हे जमते न जमते तोच कोणी उद्योजक मोटारगाडी घेऊन तोच कचरा उचलावयास आला, आणि बायका रस्त्यावर उतरल्या. कचरा आमचा, हे त्या प्रथम तेथे म्हणाल्या. पुढे पुणे आणि पिंपरी-चिंचवड या महापालिकांनी पंचायतीच्या ओळखपत्रांवर आपली मोहर दिली. खिशात पत्र असले की चोर म्हणून हटकणाऱ्या शिपायाशी बोलण्याचा सूर बदलतो, हे ज्याला कोणी कधी हटकले नाही त्याला कळणार नाही. २००८ मध्ये 'स्वच्छ' ही त्यांचीच सहकारी संस्था पुणे महापालिकेशी करार करून दारोदार कचरा उचलू लागली. तीन हजारांहून अधिक माणसे, बहुतेक बाया, डेपोचा ढीग सोडून दारापाशी आल्या. करार संपत आला की प्रत्येक वेळी कंत्राटदारांची नावे पुढे येतात आणि बायकांना मोर्चा काढावा लागतो, हेही खरे.

मुंबईत असे घडले नाही. तेथे स्त्री मुक्ती संघटनेसारख्या संस्थांनी वेचणाऱ्या बायकांचे गट बांधले, पण ढिगावरच्या माणसांचा प्रश्न तसाच राहिला. जानेवारी २०१६ च्या अखेरीस देवनारचा ढीग पेटला. कित्येक दिवस धूर निघत होता. अवकाशातून काढलेल्या छायाचित्रांत तो दिसला आणि मुंबईत शाळा बंद ठेवाव्या लागल्या. डंपिंगच्या पायथ्याशी राहणाऱ्यांना धुराची सवय होती. या वेळी तो इतरांच्या घरांत शिरला, एवढाच फरक. त्याच वर्षी कचऱ्याची विल्हेवाट होत नाही म्हणून उच्च न्यायालयाने शहरातल्या नव्या बांधकामांच्या परवानग्या रोखल्या. ती रोख सर्वोच्च न्यायालयाने २०१८ साली अटींवर सैल केली. कचऱ्याचा प्रश्न फ्लॅटच्या किमतीला भिडला की किती तातडीचा होतो, हे तेव्हा दिसले. आगीच्या संबंधात काही भंगारवाल्यांना अटक झाली, राखण वाढली, आणि वेचणाऱ्यांची वाट अरुंद झाली.

नवल असे की, त्याच २०१६ सालच्या घनकचरा नियमांत कचरावेचकांची नोंद घ्यावी, त्यांना ओळखपत्रे द्यावीत आणि व्यवस्थेत सामावून घ्यावे असे केंद्र सरकारने लिहिले. कागदावर त्यांना नाव मिळाले, आणि ढिगावर त्याच वर्षी त्यांना अडविले गेले. पुढे २०२५ साली मुंबई महापालिकेने देवनारचा सुमारे १८५ लाख टन जुना कचरा उपसून जागा मोकळी करण्यासाठी निविदा काढली. देवनारच्या जमिनीला आता भाव आहे. उकिरड्याचे पांग फिटण्याची वेळ आली म्हणावयाची. बारा वर्षांऐवजी शंभर लागली.

अलीकडे आम्ही बैंगनवाडीत जाऊ लागलो आहो. ती बाई तेथेच आहे. आता ढिगावर चढवत नाही. सून जाते, ती दारात बसून निवडते. आम्ही ओळख दिली तेव्हा तिला मालकाचा किस्सा आठवला आणि या वेळी ती हसली. आम्ही म्हटले, मावशी, ओळखपत्रासाठी अर्ज करू. त्याला पुरावा लागतो, की अमुक इतकी वर्षे हे काम केले. हजेरीपट नाही, पगारपत्रक नाही, चिठ्ठी नाही. मग आठवले की काटेवाल्याच्या वह्या असतील. म्हातारा काटेवाला वारला होता, पण मुलाने माळ्यावरून एक गोणभर वह्या काढून दिल्या. उंदरांनी कुरतडलेल्या, तेलाचे डाग पडलेल्या. पण तारीख, वजन, उचल, सगळे व्यवस्थित लिहिलेले.

फक्त नावे नव्हती. म्हाताऱ्याने माणसे खुणेने लिहिली होती: काळी पोतेवाली, बीडवाली, रफिकची आई. तिच्या गल्लीतल्या पानांवर 'सोलापूरवाली' असे होते, आणि अशा सोलापूरवाल्या तीन होत्या. त्यातली एक गावी परत गेलेली, एक वारलेली. आम्ही वह्या मांडीवर घेऊन बसलो. मावशी एकेक उचल आठवून सांगू लागली: ही नातवाच्या बारशाची, ही पत्रे घेतले तेव्हाची, ही माझी नव्हं, ती दुसरीची, तिचा पोरगा आजारी होता. दिवेलागणीपर्यंत २००३ पर्यंतच्या वह्या झाल्या. उरलेल्या पुढच्या रविवारी घ्यावयाच्या आहेत.